कुमन ना मॉन

कुमन ना मॉन : आयर्लंडच्या स्वातंत्र्यलढ्यातील स्त्रियांची निमलष्करी संघटना. स्थापना २ एप्रिल १९१४, विन्स हॉटेल, डब्लिन. प्रजासत्ताकवादी चळवळीत स्त्रिया त्याआधीही होत्या आणि या संघटनेबाहेरही होत्या. त्यांचीही माहिती येथे ओघाने येते. लढ्यातली स्त्री ही सैनिक की सैनिकांची मदतनीस, हा वाद संघटनेच्या पहिल्या सभेपासून तिच्या मागे लागला. गोळ्या झेलूनही तो मिटला नाही आणि वीस वर्षांनी निवृत्तिवेतनाच्या अर्जांवर शेरे मारणाऱ्या अधिकाऱ्यांपुढे तो पुन्हा उभा राहिला.

पूर्वपीठिका : १८८१ मध्ये जमीनदारीविरुद्धच्या आंदोलनाचे पुढारी तुरुंगात जाणार हे दिसू लागल्यावर अ‍ॅना पार्नेल यांच्या नेतृत्वाखाली ‘लेडीज लँड लीग’ उभी राहिली. घराबाहेर काढलेल्या कुळांना निवारा देणे, कैद्यांच्या कुटुंबांना पैसे पोचवणे, खंडवसुलीला अडथळा करणे ही कामे या स्त्रियांनी इतकी नेटाने केली की, पुरुष पुढाऱ्यांनाच ती जड वाटू लागली. चार्ल्स पार्नेल यांनी १८८२ मध्ये सरकारशी समझोता केला, तुरुंगातून सुटले आणि बहिणीच्या संघटनेचा पैसा बंद करून ती मोडीत काढली. अ‍ॅना यांनी भावाशी बोलणे टाकले. त्या संघटनेत उमेदवारी केलेल्या एका तरुणीचे, जेनी वाइज पॉवर यांचे नाव पुढील चाळीस वर्षांत प्रत्येक वळणावर भेटते.

१९०० मध्ये राणी व्हिक्टोरियाच्या डब्लिनभेटीला विरोध करण्याच्या निमित्ताने मॉड गॉन यांनी ‘इनीनी ना हेरिन’ म्हणजे ‘आयर्लंडच्या कन्या’ ही संस्था काढली. राणीच्या स्वागतासाठी मुलांना खाऊ वाटला गेला होता. या संस्थेने राणीच्या स्वागताला न गेलेल्या हजारो मुलांसाठी वेगळा मेळावा भरवला. हेलेना मलोनी यांच्या संपादनाखाली १९०८ पासून संस्थेचे मासिक निघू लागले. त्यात बागकामाच्या सदरातूनही ब्रिटिशविरोधी प्रचार चाले. पुढे ही संस्था कुमन ना मॉनमध्ये विलीन झाली.

स्थापना आणि पहिला वाद : नोव्हेंबर १९१३ मध्ये ‘आयरिश स्वयंसेवक दल’ स्थापन झाले, ते पुरुषांचे. त्याला जोड म्हणून पाच महिन्यांनी स्त्रियांची संघटना आली. आयरिश स्वातंत्र्याचे कार्य पुढे नेणे, त्यासाठी स्त्रियांना संघटित करणे, आयर्लंडच्या रक्षणासाठी पुरुषांचे दल सशस्त्र करण्यास साहाय्य करणे आणि त्यासाठी निधी जमवणे अशी तिची उद्दिष्टे होती. यातले ‘साहाय्य’ मताधिकारवादी स्त्रियांना झोंबले. आयरिश विमेन्स फ्रँचाइज लीगच्या हॅना शीही-स्केफिंग्टन यांनी, पुरुषांसाठी वर्गणी गोळा करणाऱ्या चालत्याबोलत्या पेट्या एवढीच या स्त्रियांची पत राहणार, अशी टीका केली. स्वतःच्या मताचा हक्क मागण्याआधी देशाचे स्वातंत्र्य, असे दुसऱ्या बाजूचे उत्तर होते. हा वाद मराठी वाचकाला ‘आधी राजकीय की आधी सामाजिक’ या आपल्याकडील वादाची आठवण करून देईल.

याच फ्रँचाइज लीगच्या एक संस्थापक मार्गारेट कझिन्स १९१५ मध्ये भारतात आल्या. अखिल भारतीय महिला परिषदेच्या उभारणीत त्यांचा पुढाकार होता आणि त्या परिषदेचे पहिले अधिवेशन जानेवारी १९२७ मध्ये पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात भरले.

कागदावर ‘साहाय्य’ असले तरी शाखांमधले शिक्षण निराळे होते. प्रथमोपचार आणि जखमींची वाहतूक यांच्या जोडीला संचलन, झेंड्यांनी इशारे देणे, रायफल साफ करणे आणि काही ठिकाणी नेमबाजीही होती. संघटनेच्या बिल्ल्यावर तिची आद्याक्षरे एका रायफलीभोवती गुंफलेली असत. जुलै १९१४ मध्ये डब्लिनजवळच्या हाउथ बंदरात ‘अ‍ॅसगार्ड’ या शिडाच्या नौकेतून ९०० रायफली उतरल्या, तेव्हा नौकेवर मेरी स्प्रिंग राइस आणि मॉली चाइल्डर्स या दोघी होत्या. महायुद्ध सुरू झाल्यावर आयरिश संसदीय पक्षाचे नेते जॉन रेडमंड यांनी आयरिश तरुणांना ब्रिटिश सैन्यात जाण्याचे आवाहन केले. स्वयंसेवक दल फुटले. त्यातले बहुसंख्य पुरुष रेडमंड यांच्या मागे गेले. कुमन ना मॉनचे नेतृत्व मात्र त्यांच्या विरोधात उभे राहिले.

१९१६ चा उठाव : २४ एप्रिल १९१६ रोजी, ईस्टरच्या सोमवारी, डब्लिनमध्ये उठाव झाला. प्रजासत्ताकाच्या जाहीरनाम्याची सुरुवातच आयरिश पुरुष आणि आयरिश स्त्रिया अशा दोघांना उद्देशून आहे आणि त्यात सर्व स्त्रीपुरुषांच्या मतांवर निवडलेल्या सरकारचे वचन आहे. ब्रिटनमध्ये तेव्हा एकाही स्त्रीला संसदेसाठी मत नव्हते. या जाहीरनाम्यावर सह्या झाल्या त्या जेनी वाइज पॉवर यांच्या हेन्री स्ट्रीटवरील उपाहारगृहात.

उठावात २०० ते ३०० स्त्रिया होत्या. बहुतेक कुमन ना मॉनच्या. काही जेम्स कॉनली यांच्या ‘आयरिश सिटिझन आर्मी’च्या. हा फरक महत्त्वाचा आहे. कामगारांच्या या सेनेत स्त्रियांना हुद्दे होते, हत्यारे होती. कॉन्स्टन्स मार्किएविच या सेंट स्टीफन्स ग्रीनच्या तुकडीत मायकेल मॅलिन यांच्या दुय्यम सेनाधिकारी होत्या. सिटी हॉलमध्ये पहिल्याच दिवशी प्रमुख मारला गेल्यावर सेनेच्या वैद्यकीय अधिकारी डॉ. कॅथलीन लिन यांच्याकडे सूत्रे आली. शरण जाताना बाईकडून शरणागती घ्यावी की नाही, असा पेच ब्रिटिश अधिकाऱ्याला पडला. विनिफ्रेड कार्नी टाइपरायटर आणि पिस्तूल घेऊन मुख्य टपाल कचेरीत, म्हणजे उठावाच्या मुख्य ठाण्यात, शिरल्या आणि शेवटपर्यंत कॉनलींजवळ राहिल्या. स्वयंसेवक दलाच्या ठाण्यांवर स्वयंपाक, शुश्रूषा आणि निरोप ही कामे स्त्रियांकडे होती. बोलंड्स मिल या ठाण्याचे प्रमुख एमन डी व्हॅलेरा यांनी तर एकाही स्त्रीला आत घेतले नाही.

मार्गारेट स्किनिडर यांची हकिगत सविस्तर सांगण्याजोगी आहे. मूळच्या स्कॉटलंडच्या, ग्लासगोत गणित शिकवणाऱ्या. १९१५ च्या नाताळात त्यांनी स्फोटकांचे डिटोनेटर टोपीत लपवून डब्लिनला आणले होते. उठावाच्या आठवड्यात सर्जन्स कॉलेजच्या छतावरून त्यांनी नेमबाजी केली. समोरच्या शेलबर्न हॉटेलात शत्रूची मशिनगन होती. तिथे बॉम्ब टाकण्याची परवानगी त्यांनी मागितली. बाईला अशा जोखमीवर पाठवायला मॅलिन तयार होईनात. जाहीरनाम्याने स्त्रियांना समान ठरवले आहे, तर जीव धोक्यात घालण्याचा हक्कही समानच, असा युक्तिवाद त्यांनी केला. मॅलिन यांनी आधी दुसऱ्या, कमी धोक्याच्या कामगिरीवर पाठवले. त्या कामगिरीत हार्कोर्ट स्ट्रीटवर त्यांना तीन गोळ्या लागल्या. त्या वाचल्या.

शनिवारी, २९ एप्रिलला, मूर स्ट्रीटवरील एका घरातून परिचारिका एलिझाबेथ ओफॅरल पांढरे निशाण घेऊन एकट्या बाहेर पडल्या. रस्त्यावर गोळीबार पुरता थांबलेला नव्हता. त्यांनी ब्रिटिश सेनाधिकारी जनरल लो यांच्याशी बोलणे केले, उठावाचे नेते पॅट्रिक पिअर्स यांना शरणागतीच्या जागी आणले आणि मग शहरभरच्या ठाण्यांवर शरणागतीचा हुकूम स्वतः नेऊन पोचवला. पिअर्स शरण येत असतानाचे छायाचित्र प्रसिद्ध आहे. त्यात पिअर्स यांच्या पलीकडे ओफॅरल उभ्या आहेत, पण दिसतात ते फक्त त्यांचे पाय आणि झग्याचा काठ. पुढे छापलेल्या काही प्रतींत तेही खोडलेले आहे.

उठावानंतर ७७ स्त्रिया रिचमंड बॅरेक्समध्ये कैद झाल्या. बहुतेक काही आठवड्यांत सुटल्या. मार्किएविच यांना मृत्युदंड झाला, पण केवळ स्त्री म्हणून तो जन्मठेपेत बदलला गेला.

उठावानंतर : पुरुष नेते गोळ्या घालणाऱ्या पथकापुढे गेले, उरलेले तुरुंगात. पुढचे वर्षभर चळवळ जिवंत ठेवली ती स्त्रियांनी. पती टॉम आणि भाऊ नेड डेली हे दोघेही गमावलेल्या कॅथलीन क्लार्क यांनी कैद्यांच्या कुटुंबांसाठी निधी उभा केला. पुढे गनिमी युद्धाचे सूत्रधार झालेले मायकेल कॉलिन्स यांना सुटल्यावर नोकरी मिळाली ती याच निधीचे चिटणीस म्हणून. हुतात्म्यांसाठी प्रार्थनासभा, त्यांची छायाचित्रे विकणे, निधी जमवणे अशा साध्या दिसणाऱ्या कामांतून लोकमत फिरले. ९ जून १९१८ रोजी सक्तीच्या लष्करभरतीविरुद्ध देशभरातील स्त्रियांनी प्रतिज्ञापत्रांवर सह्या केल्या. त्याच वर्षी डिसेंबरच्या निवडणुकीत मार्किएविच तुरुंगातूनच ब्रिटिश संसदेवर निवडून आल्या. संसदेवर निवडून आलेल्या त्या पहिल्या स्त्री. मात्र शिन फेन या प्रजासत्ताकवादी पक्षाच्या धोरणानुसार त्यांनी जागा घेतली नाही. १९१९ मध्ये आयरिश क्रांतिकारक सरकारात त्या कामगारमंत्री झाल्या. त्यांच्यानंतर आयर्लंडच्या मंत्रिमंडळात दुसरी स्त्री यायला १९७९ साल उजाडले.

ब्रिटिशांविरुद्धच्या १९१९–२१ च्या गनिमी युद्धात स्त्रियांचे काम सहसा नजरेत न येणारे होते आणि तेच त्याचे बळ होते. लपण्याची घरे, निरोप, हत्यारांची ने-आण, जखमींची शुश्रूषा. लिली मर्निन ही ब्रिटिश लष्करी कचेरीतील टंकलेखिका कॉलिन्स यांची हेर होती; कागदोपत्री तिचा उल्लेख ‘छोटे गृहस्थ’ असा होई. क्लॉनलिफ रोडवरील एका घराची चावी तिला दिलेली होती. कचेरी सुटल्यावर ती तिथे जाई, खोलीतल्या टाइपरायटरवर अहवाल उतरवी आणि तिथेच ठेवून निघून जाई. स्लायगोच्या परिचारिका लिंडा कर्न्स गाडीतून शस्त्रे नेताना पकडल्या गेल्या आणि १९२१ मध्ये माउंटजॉय तुरुंगातून निसटल्या. या युद्धाची एक बाजू फारशी सांगितली जात नाही : दोन्ही पक्षांनी स्त्रियांना शिक्षा म्हणून त्यांचे केस भादरले. सरकारी दलांनी प्रजासत्ताकवादी घरांतल्या मुलींचे, आणि प्रजासत्ताकवाद्यांनी पोलिसांशी मैत्री ठेवणाऱ्या मुलींचे.

तह आणि यादवी : डिसेंबर १९२१ च्या तहाने आयर्लंडला वसाहतीच्या स्वराज्याचा दर्जा दिला, प्रजासत्ताक नाही, शिवाय राजनिष्ठेची शपथ आली. आयरिश प्रतिनिधिसभेत तह ६४ विरुद्ध ५७ मतांनी मंजूर झाला. सभेतील सहाही स्त्रियांनी विरोधात मत दिले. त्यांतल्या बऱ्याच हुतात्म्यांच्या आई, बहिणी वा विधवा असल्याने त्या भावनेच्या भरात बोलतात, असे तहाचे समर्थक म्हणत. मेरी मॅकस्विनी यांचे तासन्‌तास चाललेले भाषण वाचले तर हा आरोप टिकत नाही. त्यांचा मुद्दा घटनात्मक होता. त्यांचे बंधू टेरेन्स १९२० मध्ये ७४ दिवसांच्या उपोषणानंतर ब्रिटिश तुरुंगात वारले होते. १९२९ मध्ये लाहोरच्या तुरुंगात जतीन दास यांनी उपोषणात प्राण सोडले, तेव्हा मेरी यांनी भारतात शोकसंदेश पाठवला होता.

फेब्रुवारी १९२२ मध्ये कुमन ना मॉनने ४१९ विरुद्ध ६३ मतांनी तह फेटाळला. अशी भूमिका घेणारी ती पहिली मोठी राष्ट्रवादी संघटना. तहाच्या बाजूच्या स्त्रियांनी वेगळी संघटना काढली आणि तिच्यात जेनी वाइज पॉवर होत्या. तहाचे समर्थक आणि विरोधक यांच्यात पेटलेल्या यादवी युद्धात नव्या आयरिश सरकारने ५०० हून अधिक स्त्रियांना स्थानबद्ध केले. १९१६ नंतर ब्रिटिशांनी धरलेल्या स्त्रियांच्या कितीतरी पट. मॅकस्विनी यांनी माउंटजॉयमध्ये २४ दिवस उपोषण केले. १९२३ मध्ये किल्मेनहॅममधून दुसरीकडे हलवताना कैदी स्त्रियांना जिन्यावरून ओढत नेण्यात आले. कालपर्यंत त्यांच्याच घरी आसरा घेणारे आता त्यांचे तुरुंगाधिकारी होते.

निवृत्तिवेतन : नव्या राज्यात २१ वर्षांवरील सर्व स्त्रियांना १९२२ मध्येच मताधिकार मिळाला, ब्रिटनच्या सहा वर्षे आधी. त्यानंतरचा प्रवास उलट दिशेचा आहे. न्यायपंचांच्या यादीतून स्त्रियांची नावे वगळली गेली, शिक्षिकांना लग्नानंतर नोकरी सोडावी लागली, आणि १९३७ च्या राज्यघटनेत स्त्रीच्या ‘घरातील जीवना’चा गौरव करणारे कलम आले. त्याला कॅथलीन क्लार्क आणि हॅना शीही-स्केफिंग्टन यांनी कडाडून विरोध केला. कलम अजून जागेवर आहे. २०२४ च्या सार्वमतात ते बदलण्याचा प्रस्ताव मतदारांनी फेटाळला.

१९२३ च्या लष्करी निवृत्तिवेतन कायद्याखाली स्किनिडर यांनी अर्ज केला. तीन गोळ्यांच्या जखमा नाकारणे शक्य नव्हते. सरकारी विधिसल्लागाराने १९२५ मध्ये मत दिले, की कायद्यातील ‘सैनिक’ हा शब्द पुरुषवाचक अर्थानेच घ्यायचा आहे. अर्ज फेटाळला गेला. १९३४ च्या कायद्याने कुमन ना मॉनला दारे उघडली, पण पाच श्रेणींपैकी खालच्या दोनच श्रेणी तिच्या सदस्यांना खुल्या ठेवल्या. शिवाय ‘प्रत्यक्ष सेवा’ सिद्ध करायची होती. रात्री दोन वाजता दार उघडून सहा माणसांना जेवू घालणे ही सेवा कशी सिद्ध करायची? स्किनिडर यांना निवृत्तिवेतन १९३८ मध्ये मिळाले. याच अर्जांची कागदपत्रे २०१४ पासून टप्प्याटप्प्याने ऑनलाइन खुली झाली आहेत आणि शाखानिहाय याद्यांमुळे आजवर अनाम राहिलेल्या हजारो सदस्यांचा माग काढता येतो.

उत्तर आयर्लंड : १९२६ मध्ये संघटनेने सुरू केलेला ‘ईस्टर लिली’चा बिल्ला आजही प्रजासत्ताकवादी लावतात, संघटना मात्र क्षीण होत गेली. १९६९ नंतर ब्रिटनकडेच राहिलेल्या उत्तरेत संघर्ष पेटला. जुलै १९७० मध्ये ब्रिटिश सैन्याने बेलफास्टच्या फॉल्स भागात संचारबंदी लावली, ती मोडली बाबागाड्यांतून पाव आणि दूध घेऊन चालत आलेल्या स्त्रियांच्या मोर्च्याने. सैनिक गल्लीत शिरले की बायका कचरापेट्यांची झाकणे रस्त्यावर आपटून इशारा देत. आता प्रोव्हिजनल आयआरए (आयरिश रिपब्लिकन आर्मी) या सशस्त्र संघटनेत स्त्रियांना थेट प्रवेश होता. डोलर्स आणि मॅरियन प्राइस या बहिणींनी १९७३ च्या लंडनमधील बॉम्बस्फोटांत भाग घेतला. तुरुंगातील उपोषणात त्यांना महिनोन्‌महिने नळीने सक्तीने अन्न भरवले गेले. आर्मा तुरुंगात १९८० मध्ये उपोषण केलेल्या तिघींपैकी मेरेड फॅरल १९८८ मध्ये जिब्राल्टरमध्ये ब्रिटिश कमांडोंच्या गोळ्यांना बळी पडल्या. त्या वेळी त्या निःशस्त्र होत्या. त्यांचे पथक बॉम्बहल्ल्याच्या तयारीत होते, हेही तितकेच खरे. मानवी हक्कांच्या युरोपीय न्यायालयाने १९९५ मध्ये १० विरुद्ध ९ मतांनी ब्रिटनला दोषी धरले. या हिंसेचे घाव स्त्रियांवरही पडले : दहा मुलांची आई जीन मॅककॉनव्हिल यांना आयआरएने १९७२ मध्ये पळवून ठार केले आणि त्यांचे अवशेष २००३ मध्ये सापडले.

१९८६ मध्ये शिन फेनने डब्लिनच्या संसदेत बसण्याचा निर्णय घेतला, तेव्हा कुमन ना मॉनने फुटीर ‘रिपब्लिकन शिन फेन’ला साथ दिली. शिन फेनची धुरा २०१८ पासून मेरी लू मॅकडोनल्ड यांच्याकडे आहे आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये त्या पक्षाच्या मिशेल ओनील उत्तर आयर्लंडच्या प्रथममंत्री झाल्या. कुमन ना मॉन ब्रिटनच्या दहशतवादविरोधी कायद्याखालील प्रतिबंधित संघटनांच्या यादीत आहे.