चिपीचं एटीआर घरच्या पडद्यावर येईपर्यंत

९ ऑक्टोबर २०२१ रोजी मुंबईहून आलेलं अलायन्स एअरचं विमान चिपीला उतरलं आणि सिंधुदुर्गाची विमानसेवा सुरू झाली. ते होतं एटीआर ७२-६००, सत्तरेक आसनांचं टर्बोप्रॉप, म्हणजे टर्बाइनने पंखा फिरवून उडणारं विमान. सिम्युलेटरचा, म्हणजे संगणकावर विमान उडवण्याचा, नाद असलेल्या कोकणी माणसाला घरच्या संगणकावर हेच विमान हवं असतं, आणि हुबेहूब हवं असतं. ते मिळायला मात्र बराच काळ गेला.

१९८२ साली मायक्रोसॉफ्टने ब्रूस आर्टविकचा फ्लाइट सिम्युलेटर आयबीएम पीसीवर आणला, तेव्हा उडवायला सेस्ना १८२ हे छोटं विमान होतं. पुढे जेट आली, किंग एअरसारखी लहान टर्बोप्रॉपही आली, पण त्यांची इंजिनं ढोबळच राहिली. कारण टर्बोप्रॉपचं गणितच किचकट. जेटमध्ये थ्रॉटल, म्हणजे इंजिनाचा जोर ठरवणारा लिव्हर, पुढे केला की जोर वाढतो. इथे टर्बाइन गिअरबॉक्समार्फत पंखा फिरवते आणि पंख्याच्या पात्यांचा कोन सतत बदलत राहतो. लिव्हर मागे घेतला की तोच पंखा वाऱ्याला आडवा येऊन विमानाला रोखतो.

एटीआरची आणखी एक खुबी आहे. त्याला जमिनीवर वीज देणारं वेगळं छोटं इंजिन नाही. पंखा फिरवणारी टर्बाइन इंजिनाच्या मुख्य भागाला यंत्राने जोडलेली नसते. त्यामुळे उजव्या बाजूचा पंखा ब्रेक लावून जखडतात आणि इंजिन तसंच चालू ठेवतात. याला हॉटेल मोड म्हणतात. प्रवासी चढताना पंखा स्तब्ध, पण आत दिवे आणि गार हवा चालू! कोकणातल्या मे महिन्यात या सोयीचं मोल वेगळं सांगायला नको. सिम्युलेटरमध्ये हे जमलं नसेल तर ते एटीआर नुसतं रंगवलेलं, असं मला ठामपणे वाटतं.

खरी कोंडी फोडली मॅजेस्टिक या सॉफ्टवेअर कंपनीच्या डॅश ८ क्यू४०० या टर्बोप्रॉपने. एफएसएक्ससाठी (मायक्रोसॉफ्ट फ्लाइट सिम्युलेटर एक्स) आलेल्या या विमानाचं उड्डाणगणित मूळ सिम्युलेटरबाहेर चालायचं, म्हणूनच ते इतकं खरं वाटायचं. एप्रिल २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टने आपल्या नव्या फ्लाइट सिम्युलेटरसाठी एटीआर कंपनीच्या सहकार्याने ४२-६०० आणि ७२-६०० आणली, हॉटेल मोडसकट.

आता मुंबईहून निघावं, डावीकडे सह्याद्री ठेवावा, उजवीकडे जंजिरा, रत्नागिरी, विजयदुर्ग, देवगड मागे टाकत चिपीला यावं. २,५०० मीटरच्या धावपट्टीवर चाकं टेकली की लिव्हर मागे ग्राउंड आयडलवर, म्हणजे जमिनीवरच्या मंद गतीच्या खुणेवर, घ्यायचा. पाती सपाट होतात आणि वेग झपाट्याने उतरतो.