पर्यायी वास्तव मुठीत कसे आले

दुसऱ्या वास्तवात डोकावायचे आणि जमल्यास तिथे हस्तक्षेपही करायचा, अशी दोन्ही कामे करणारे हातात मावणारे यंत्र आज विज्ञानकथांच्या आणि व्हिडिओ गेमच्या चाहत्यांना नवे राहिलेले नाही. त्याचा सर्वांत रेखीव नमुना म्हणून ‘डिसऑनर्ड २’ या गेममधील ‘टाइमपीस’कडे बोट दाखवता येते. फ्रान्समधील ल्यों शहरातल्या आर्केन स्टुडिओने तयार केलेला हा गेम ११ नोव्हेंबर २०१६ रोजी बाजारात आला. मात्र या यंत्राचे मूळ शोधत मागे गेले की असे दिसते, की पाहण्याचे साधन आणि बदलण्याचे साधन ही आरंभी दोन वेगळी घराणी होती आणि त्यांची सोयरीक बरीच उशिरा जमली.

पाहण्याच्या घराण्याची सुरुवात एच. जी. वेल्स यांच्या १८९७ मधील ‘द क्रिस्टल एग’ या कथेपासून मानायला हरकत नाही. लंडनमधील जुन्यापुराण्या वस्तूंचा दुकानदार केव्ह याच्याकडे अंड्याच्या आकाराचा एक स्फटिक असतो. काळे मखमली कापड पांघरून, ठरावीक कोनातून त्यात पाहिले की मंगळावरचा देखावा दिसतो. तिथल्या जोडस्फटिकातून मंगळवासीही इकडे पाहत असावेत, असेही कथेत सुचवले आहे. पण पाहण्यापलीकडे काहीच करता येत नाही, आणि केव्हच्या मृत्यूनंतर स्फटिक विकला जाऊन त्याचा माग लागेनासा होतो. वेल्स यांचे हे दुसरे जग आपल्याच विश्वातले, दूरचे आहे. आपल्याच पृथ्वीचा वेगळ्या वाटेने गेलेला इतिहास नव्हे.

ती कल्पना मरे लिन्स्टर यांनी १९३४ मध्ये ‘साइडवाइज इन टाइम’ या कथेत मांडली. तिच्यात वेगवेगळे इतिहास जगलेले पृथ्वीचे तुकडे एकमेकांत मिसळतात आणि अमेरिकेत रोमन सैनिक अवतरतात. इथे यंत्र नाही, केवळ उत्पात आहे. कल्पनेला वैज्ञानिक प्रतिष्ठा मिळाली ती १९५७ मध्ये. अमेरिकेतल्या प्रिन्स्टन विद्यापीठात भौतिकशास्त्रज्ञ जॉन व्हीलर यांचे विद्यार्थी असलेल्या ह्यू एव्हरेट यांनी असे प्रतिपादन केले, की क्वांटम मापनाच्या, म्हणजे अतिसूक्ष्म कणांच्या मोजणीच्या वेळी अनेक शक्यतांपैकी एक उरून बाकीच्या नष्ट होत नाहीत, तर सगळ्याच आपापल्या शाखेत चालू राहतात. हा विचार बरीच वर्षे जवळपास दुर्लक्षित राहिला. १९७० मध्ये ब्राइस डिविट यांनी ‘फिजिक्स टुडे’त त्यावर लिहिले, तेव्हा कुठे त्याची व्यापक चर्चा सुरू झाली. गंमत अशी, की या सिद्धांतानुसार एकदा फुटलेल्या शाखांचा एकमेकींशी व्यवहार उरत नाही. तेव्हा शाखांमध्ये ये-जा करणारे प्रत्येक काल्पनिक यंत्र एव्हरेट यांचे नाव घेते आणि त्यांचाच नियम मोडते.

बदलण्याचे घराणे कालप्रवासाच्या कथांतून आले. आयझॅक असिमोव्ह यांच्या १९५५ मधील ‘द एंड ऑफ इटर्निटी’ या कादंबरीत वास्तव बदलणे हे चक्क एका संस्थेचे नित्याचे, कारकुनी शिस्तीचे काम आहे. इष्ट परिणामासाठी कमीत कमी किती ढवळाढवळ पुरेल याचा हिशेब मांडला जातो आणि मगच कर्मचारी धाडला जातो. नायकाने एका यंत्रात थोडा बिघाड केल्यामुळे एक तरुण यंत्रशास्त्राच्या व्याख्यानाला पोहोचत नाही, आणि त्याची परिणती अशी होते की पुढच्या शतकातले एक युद्धच वास्तवातून पुसले जाते. निर्णय मात्र संस्थेचा असतो. यंत्र व्यक्तीच्या मुठीत यायला अजून अवकाश होता.

मराठीत हा विषय रुजवला तो जयंत नारळीकर यांनी, आणि तोही कोणतेच यंत्र न वापरता. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक ट्रकच्या धडकेनंतर अशा जगात जातात, जिथे १७६१ च्या पानिपतच्या लढाईत विश्वासरावांना गोळी लागलेली नाही आणि मराठे जिंकले आहेत. मुंबईत मात्र ईस्ट इंडिया कंपनीचा अंमल आहे. परत येताना त्यांच्याजवळ पुरावा उरतो तो बखरीच्या फाटलेल्या पानाचा. गंगाधरपंत ते जग पाहतात, वाचतात, पण तिथला इतिहास बदलणे त्यांच्या हाती नाही, आणि माझ्या मते कथेची ताकद या मर्यादेतच आहे. हाती बटण असते तर पानिपतची सल एका दाबात मिटली असती आणि मग सांगण्याजोगे फारसे उरले नसते.

यंत्र खऱ्या अर्थाने हातात आले ते १९९० च्या दशकात. १९९५ मध्ये सुरू झालेल्या ‘स्लायडर्स’ या अमेरिकी मालिकेतील ‘टायमर’ समांतर पृथ्वीकडे दार उघडतो. पण पलीकडे काय आहे ते आधी दाखवत नाही, आणि ठरलेली वेळ चुकली की पुढची संधी २९.७ वर्षांनी मिळते. १९९७ मध्ये फिलिप पुलमन यांनी ‘द सटल नाइफ’मध्ये सुरीच्या टोकाने हवेतली फट चाचपून दुसऱ्या जगाची खिडकी कापण्याची युक्ती आणली. तिची किंमतही त्यांनी लावली: प्रत्येक छेदाबरोबर माणसांचे चैतन्य खाणारे एक भूत जन्माला येते.

‘डिसऑनर्ड २’मधील टाइमपीसमध्ये ही दोन्ही घराणी एकत्र आली. कार्नाका शहरातल्या ॲरमिस स्टिल्टन या खाणमालकाच्या उद्ध्वस्त हवेलीत नायिकेच्या किंवा नायकाच्या नेहमीच्या जादुई शक्ती चालत नाहीत, म्हणून हे यंत्र दिले जाते. पंख्यासारखी त्याची काचेची पाती उलगडली की त्यांतून हीच हवेली तीन वर्षांपूर्वी कशी होती ते दिसते: ढिगाऱ्याच्या जागी शाबूत दालन, रिकाम्या व्हरांड्यात फिरणारा पहारेकरी. पहाऱ्याची पाठ वळेपर्यंत थांबायचे आणि मग त्या काळात उडी मारायची. पाहणे हे इथे शोभेचे नसून बदलाची पूर्वतयारी असते. एका विधीच्या वेळी जे दिसले त्यामुळे स्टिल्टनचा बुद्धिभ्रंश झालेला आहे. त्या विधीपूर्वीच त्याला बेशुद्ध केले, तर वर्तमानातली हवेली नांदती सापडते, आणि ज्यांनी एक हात व एक डोळा गमावला होता त्या मेगन फॉस्टर या जहाजाच्या कप्तान दोन्ही शाबूत असलेल्या भेटतात.

त्याच वर्षी, दोनच आठवडे आधी आलेल्या ‘टायटनफॉल २’मध्येही मनगटावरच्या यंत्राने दोन काळांत ये-जा करता येते, पण तिथे डोकावण्याची सोय नाही. त्या टप्प्यासाठी एकाच वास्तूच्या दोन प्रती वर-खाली रचून ठेवल्या होत्या आणि बटण दाबताच खेळाडूला एकीतून दुसरीत टाकले जाई. टाइमपीसच्या काचेसाठी मात्र दोन्ही काळ एकाच वेळी पडद्यावर रेखाटणे भाग होते.

काटेकोरपणे पाहिले तर टाइमपीस शेजारच्या विश्वात नेत नाही. तो जुने वर्तमान पुसून त्या जागी नवे आणतो, आणि पुसले गेलेले वर्तमान एखाद्या शाखेत चालू राहिल्याचे गेम कुठेही सांगत नाही. या अर्थाने तो एव्हरेट यांच्यापेक्षा असिमोव्ह यांना अधिक जवळचा ठरतो. फरक इतकाच, की हस्तक्षेप करायचा की नाही हे आता हिशेब मांडणारी संस्था ठरवत नाही. स्टिल्टनला हातही न लावता हा टप्पा पार करता येतो, आणि मग हवेली तशीच उद्ध्वस्त राहते.