मोर्चा, धमकी आणि दुकानाचे शटर: पोलीस बंदोबस्तासाठी अर्ज कसा करावा

‘आमच्या आस्थापनेस संरक्षण मिळावे’ एवढ्या एका ओळीचा अर्ज पोलीस ठाण्यात पडून राहतो. मोर्चाच्या दिवसाचा बंदोबस्त, पैसे भरून घेतलेले जादा पोलीस आणि धमकीची फिर्याद ही तीन वेगळी कामे आहेत. यातले नेमके काय हवे, ते विषयाच्या ओळीतच लिहा.

मोर्चाच्या दिवसाच्या बंदोबस्तासाठी अर्ज ठाण्याच्या वरिष्ठ पोलीस निरीक्षकांच्या नावे करावा. प्रत शहरात परिमंडळाच्या उपायुक्तांना, ग्रामीण भागात उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांना द्यावी. कायदा-सुव्यवस्था राखणे हे पोलिसांचेच काम असल्याने या बंदोबस्ताचे पैसे लागत नाहीत. तारीख, वेळ, कोणते गेट, अंदाजे किती माणसे आणि आत किती कामगार असतील, हे आकड्यांत लिहा. रसायने किंवा गॅसचा साठा असेल तर नकाशावर दाखवा. आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय निघू नका. पुढे न्यायालयात पहिला प्रश्न त्याचाच येतो.

‘मोर्चाच होऊ देऊ नका’ ही मागणी मात्र करू नये. शांततेने, विनाशस्त्र जमण्याचा हक्क घटनेने दिला आहे. मागायचे ते ये-जा मोकळी ठेवणे आणि तोडफोड रोखणे. वाद मराठी पाटीचा असेल, तर आधी आपली पाटी तपासा. दुकाने व आस्थापना कायद्याच्या 2022 च्या दुरुस्तीनंतर दहापेक्षा कमी कामगारांच्या दुकानांनाही देवनागरी पाटी बंधनकारक आहे आणि मराठी अक्षरे इतर लिपीपेक्षा लहान चालत नाहीत.

काही दिवस सलग पोलीस हवे असतील तर महाराष्ट्र पोलीस अधिनियम, 1951 चे कलम 47. हा अर्ज आयुक्त किंवा अधीक्षकांकडे जातो आणि खर्च अर्जदाराचा. पैसे तुम्ही भरलेत तरी हे पोलीस हुकूम मात्र आपल्या अधिकाऱ्यांचाच मानतात. कामगारांची झडती घेणे किंवा उधारी वसूल करणे असली कामे त्यांना सांगता येत नाहीत. गरज संपली की बंदोबस्त काढून घ्या, असे लेखी कळवा. तोंडी सांगून भागत नाही, खर्च चढत राहतो.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो धमकीच्या तक्रारीत. ‘बघून घेतो म्हणाला’ एवढेच लिहिले की बहुधा एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, होते, आणि दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय एनसीचा तपास होत नाही. पैसे मागितले असतील तर रक्कम, दिवस, नंबर आणि बोललेले शब्द जसेच्या तसे लिहा. भीती घालून पैसे मागणे भारतीय न्याय संहितेच्या कलम 308 मध्ये येते आणि ते दखलपात्र आहे. ठाण्याने गुन्हा नोंदवला नाही, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173(4) खाली तक्रार टपालाने अधीक्षकांकडे आणि तरीही काही झाले नाही तर प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे. मालकाला स्वतःसाठी अंगरक्षक हवा असेल तर तो अर्ज निराळा. धोक्याचा आढावा घेऊनच निर्णय होतो, आणि हाताशी एफआयआर नसेल तर अर्जात जोर राहत नाही.

सोबत जोडायचे कागद: गुमास्ता नोंदणी किंवा कारखाना परवाना, जागेचा भाडेकरार किंवा मालकीचा पुरावा, अर्जदाराचे ओळखपत्र, कंपनी असल्यास सही करणाऱ्याच्या नावाचे अधिकारपत्र, आंदोलकांनी दिलेले निवेदन किंवा नोटीस आणि धमकीचे स्क्रीनशॉट. अधिकारपत्र विसरल्याने अर्ज परत येतो, हे नेहमीचेच. न्यायालयाचा मनाई हुकूम असेल तर तो सगळ्यात वर लावा.

सीसीटीव्हीचे चित्रण त्याच दिवशी उतरवून ठेवा, डीव्हीआर जुने पुसत जातो. न्यायालयात त्यासोबत भारतीय साक्ष्य अधिनियम, 2023 च्या कलम 63 चे प्रमाणपत्र लागते. ज्या मोबाइलवर धमकी आली तो फॉरमॅट करू नका, विकूही नका. तोडफोड झालीच तर पंचनाम्याआधी काचा झाडू नका, कारण विमा कंपनी पंचनामा आणि एफआयआर दोन्ही मागते. एफआयआरची प्रत फिर्यादीला फुकट मिळते.