बेळगाव सीमाभागातील कॉलेज-संलग्नतेचे वाद : पार्श्वभूमी

बेळगाव, खानापूर, निपाणी पट्ट्यात कॉलेजच्या संलग्नतेचा, म्हणजे ते कोणत्या विद्यापीठाला जोडलेले असावे याचा, विषय निघाला की बोलणे थेट १९५६ च्या राज्य पुनर्रचनेवर जाते. विद्यापीठाची हद्द मात्र राज्याच्या हद्दीआधीच सरकली होती. मुंबई विद्यापीठाला जोडलेली इथली कॉलेजे धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठाकडे गेली ती १९४९ च्या कायद्यामुळे, आणि तो कायदा मुंबईच्याच विधिमंडळाने केलेला. पुनर्रचनेत जिल्ह्यातला चंदगड तालुका तेवढा मुंबई राज्यात राहिला. कोल्हापूरचे शिवाजी विद्यापीठ १९६२ मध्ये झाले. म्हणजे ‘आम्हाला परत कोल्हापूरला जोडा’ या मागणीतला ‘परत’ इतिहासाला धरून नाही. मागणी भाषेची आहे आणि तिचा विचार भाषेची मागणी म्हणूनच व्हायला हवा.

त्या अंगाने पाहिले तर आधार मिळतो तो पंजाबातल्या खटल्यांचा. सीमाभागातल्या संस्थाचालकांनी ५ मे १९७१ चे सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल शेजारी ठेवून वाचायला हवेत. अमृतसरला १९६९ मध्ये नवे विद्यापीठ झाले आणि चार जिल्ह्यांतल्या कॉलेजांना जुन्या विद्यापीठाशी संबंध ठेवायला कायद्यानेच मनाई झाली. पंजाबात अल्पसंख्य ठरणाऱ्या एका संस्थेची कॉलेजे न्यायालयात गेली. पहिल्या निकालात न्यायालयाने सक्तीची संलग्नता घटनेविरुद्ध मानली नाही. अमुकच विद्यापीठ हवे, असा हक्क कॉलेजला नाही. मात्र व्यवस्थापन मंडळ कोणाचे असावे आणि प्राध्यापकांच्या नेमणुकीला कुलगुरूंची मंजुरी घ्यावी, या अटी अनुच्छेद ३०(१), म्हणजे अल्पसंख्याकांचा स्वतःच्या शिक्षणसंस्था चालवण्याचा हक्क, याखाली उडवल्या.

दुसरा निकाल आपल्या जास्त कामाचा. पतियाळाच्या विद्यापीठाने पंजाबी हेच एकमेव माध्यम ठरवले होते. संलग्नता सक्तीची आणि माध्यमही सक्तीचे, हे दोन्ही एकदम चालणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. राज्याच्या भाषेला उत्तेजन द्यायचा विद्यापीठाला अधिकार आहे, पण अल्पसंख्याकांची भाषा आणि लिपी जपण्याचा हक्क मोडून नव्हे. अल्पसंख्य कोण हे राज्य धरूनच ठरते, हे २००२ च्या अकरा न्यायाधीशांच्या निकालानेही कायम केले. त्यामुळे बेळगाव शहरात मराठी माणसे किती, या आकड्यावरून होणारी हमरीतुमरी इथे गैरलागू आहे. कर्नाटकात मराठी भाषिक अल्पसंख्यच. एवढा हत्यारासारखा निकाल असूनही आपल्याकडची भाषणे सीमावादावरच्या महाजन आयोगाच्या अहवालापलीकडे क्वचित जातात.

१९७४ च्या नऊ न्यायाधीशांच्या निकालाने सूत्र पक्के केले: संलग्नता हा मूलभूत हक्क नाही, पण ती देताना हक्क सोडायला लावणाऱ्या अटी घालता येत नाहीत. २००५ मध्ये छत्तीसगडच्या खासगी विद्यापीठांच्या प्रकरणात राज्याच्या कायद्याने स्थापलेल्या विद्यापीठाचा अंमल त्या राज्यापुरताच, हेही स्पष्ट झाले. खानापुरातले कॉलेज कोल्हापूरला जोडण्याची वाट तिथे बंद होते. सीमाप्रश्नाचा महाराष्ट्राचा २००४ चा दावा निकाली निघेपर्यंत तरी हेच चित्र. अपवाद वाटणारे उदाहरण निपाणीलगतच्या अर्जुननगरचे. तिथले कॉलेज कोल्हापूरला संलग्न आहे, पण ते कागल तालुक्याच्या हद्दीत आहे म्हणून. पोरे निपाणीहून जाऊन तिथे शिकतात; विद्यार्थ्याला हद्द आडवी येत नाही, इमारतीला येते.

प्रत्यक्षात कोर्टात जाणारी प्रकरणे याहून रुक्ष. कर्नाटकात २००० चा राज्य विद्यापीठ कायदा लागू आहे. अर्ज, स्थानिक चौकशी समितीची भेट (लोकल इन्क्वायरी कमिटी; कॉलेजात सगळे ‘एलआयसी आली’ एवढेच म्हणतात), अहवाल, सिंडिकेट म्हणजे विद्यापीठाचे कार्यकारी मंडळ आणि मग सरकारची मंजुरी. संलग्नता सरसकट कॉलेजला नसते. अभ्यासक्रम, विषयांचे कॉम्बिनेशन आणि प्रवेशक्षमता यांची वेगवेगळी असते. तात्पुरती असेल तर दरवर्षी नूतनीकरण. घोटाळा इथेच होतो. बीएचे जुने कॉम्बिनेशन चालू असते, नवा विषय अर्जात असतो, मंजुरीपत्र आलेले नसते आणि प्रवेश मात्र जूनमध्येच दिलेले असतात. मग पोर्टलवर नोंदणी होत नाही, हॉलतिकीट निघत नाही आणि परीक्षेच्या तोंडावर उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल होते. २००८ पर्यंत त्यासाठी बेंगळूर गाठावे लागे. आता धारवाडचे खंडपीठ आहे.

अशा रिटमध्ये न्यायालय सहसा स्वतः संलग्नता देत नाही. ‘अर्जावर अमुक मुदतीत निर्णय घ्या’ असे सांगते. विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू द्या, निकाल राखून ठेवा, असा अंतरिम आदेश पूर्वी सर्रास मागितला जाई. मान्यता नसलेल्या महाराष्ट्रातल्या अध्यापक विद्यालयांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९२ मध्ये या प्रथेवर कडक ताशेरे ओढले. बी.एड.ला तर राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेची (एनसीटीई) मान्यता आधी लागते, विद्यापीठाची संलग्नता नंतर. एक असून दुसरी नसेल तर वर्ग भरवता येत नाही.

त्यात एकाच संस्थेची कॉलेजे आता वेगवेगळ्या दारांत उभी असतात. वैद्यकीय बेंगळूरच्या आरोग्य विद्यापीठाकडे (१९९६), अभियांत्रिकी बेळगावच्याच तांत्रिक विद्यापीठाकडे (१९९८), विधी हुबळीकडे (२००९), आणि कला-वाणिज्य-विज्ञान २०१० पासून धारवाडऐवजी राणी चन्नम्मा विद्यापीठाकडे. नियम आणि शुल्क दर ठिकाणी निराळे.

२०२१ मध्ये पदवीला कन्नड सक्तीचे करणारे आदेश निघाले, तेव्हा १९७१ चा मुद्दा पुन्हा जिवंत झाला. उच्च न्यायालयाने एप्रिल २०२२ मध्ये अंतरिम आदेशाने सक्तीचा आग्रह धरू नये असे सांगितले. त्या याचिका सीमाभागातून नव्हे, प्रामुख्याने संस्कृतच्या बाजूने आल्या होत्या.