पोलादनिर्मितीतील कोक आणि दगडी कोळसा

लोहधातुकापासून पोलाद करण्याच्या रूढ पद्धतीत दगडी कोळसा मुख्यतः दोन वाटांनी कामी येतो : हवाबंद भट्टीत भाजून केलेल्या कोकच्या रूपाने आणि झोत भट्टीत, म्हणजे तळातून तापलेल्या हवेचा झोत सोडून लोखंड गाळणाऱ्या उंच भट्टीत, फुंकल्या जाणाऱ्या पुडीच्या रूपाने. कोकला सरसकट इंधन म्हटले जाते. ते चूक नाही, पण अपुरे आहे. उष्णता दुसऱ्या मार्गाने पुरवता येते, धातुकातील ऑक्सिजन काढून घेणारा वायूही दुसरीकडून आणता येतो. सुमारे तीस मीटर उंचीच्या भट्टीत टनावारी धातुकाचा भार पेलून वायूला वर जायला वाट मोकळी ठेवणे हे काम मात्र मोठ्या झोत भट्टीत कोकशिवाय कोणाला जमलेले नाही. जगातील सुमारे ७० टक्के पोलाद आजही झोत भट्टीतल्या लोखंडापासून तयार होते, त्यामुळे कोकचा प्रश्न हा बऱ्याच अंशी पोलादाचाच प्रश्न आहे.

इतिहास : सतराव्या शतकापर्यंत यूरोपात लोखंड गाळले जाई ते लाकडाच्या कोळशावर. हा कोळसा शुद्ध असतो, त्यात गंधक जवळजवळ नसते. पण तो ठिसूळ असतो. भट्टी उंच बांधली की वरच्या भाराखाली त्याचा चुरा होतो, फटी बुजतात आणि झोत अडतो. त्यामुळे भट्टीच्या आकाराला मर्यादा पडे. शिवाय एका भट्टीला वर्षभर पुरेल एवढे लाकूड मिळवण्यासाठी विस्तीर्ण जंगल राखून ठेवावे लागे. दगडी कोळसा मुबलक आणि स्वस्त होता, पण तो थेट वापरला तर त्यातील गंधक लोखंडात उतरे. असे लोखंड तापवून ठोकू लागताच तडकते, कारण लोह व गंधक यांचे संयुग लोखंडाच्या कणांच्या सीमांवर साचते आणि लोखंडाच्या मानाने फारच कमी तापमानाला वितळते.

चीनमध्ये सोंग राजवटीत, अकराव्या शतकात, लोखंड गाळण्यासाठी दगडी कोळसा वापरात आला होता. इंग्लंडमध्ये एब्राहम डार्बी याने १७०९ मध्ये श्रॉपशरमधील कोलब्रुकडेल येथे कोक वापरून झोत भट्टी यशस्वीपणे चालवली. डार्बी उमेदवारीच्या काळात माल्ट (मोड आणून सुकवलेले धान्य) दळण्याच्या गिरण्या बनवणाऱ्याकडे होता. माल्ट सुकवताना धुराचा वास लागू नये म्हणून त्या धंद्यात कोक आधीपासून वापरत. तिथूनच त्याला ही कल्पना सुचली असावी असे मानतात. त्याच्या परिसरातील कोळशात गंधक कमी होते, हे त्याचे नशीब. या यशाचे वर्णन पुष्कळदा एका रात्रीत घडलेल्या क्रांतीसारखे केले जाते, पण तसे झाले नाही. कोकवरच्या लोखंडात सिलिकॉन जास्त येई. ओतीव भांड्यांना ते उत्तम होते, पण लोहार-भट्ट्यांतून सळया काढणारे कारागीर ते घ्यायला तयार नव्हते. त्यांना चालेल असे लोखंड डार्बीच्या मुलाने १७५०च्या दशकात तयार केले आणि त्यानंतरच कोकच्या भट्ट्या झपाट्याने वाढल्या.

१७८४ मध्ये हेन्री कॉर्ट याने वेगळी युक्ती काढली. त्याच्या भट्टीत दगडी कोळसा एका बाजूला जळे आणि फक्त ज्वाळा लोखंडावरून जात; कोळसा व लोखंड यांचा स्पर्शच होत नसल्याने गंधकाचा त्रास कमी झाला. १८२८ मध्ये जेम्स बोमाँट नीलसन याने भट्टीत थंड हवेऐवजी तापवलेली हवा सोडण्याचे एकस्व घेतले. ग्लासगोजवळच्या क्लाइड कारखान्यात एक टन लोखंडामागे लागणारा कोळसा त्यामुळे आठ टनांवरून पाच टनांच्या आसपास आला. हवा भट्टीबाहेर तापवायला थोडेसे हलके इंधन पुरते आणि आतला मौल्यवान कोक वाचतो, हे तत्त्व आजच्या प्रत्येक झोत भट्टीत पाळले जाते. पेनसिल्व्हेनियात १८४० पासून काही दशके अँथ्रासाइट हा कठीण कोळसा कोक न करताच भट्टीत घालत, पण पुढे तिथेही कोकच आला.

कोकिंग कोळसा : कोणत्याही कोळशाचा कोक होत नाही. हवेविना तापवल्यावर बहुतेक कोळसे भुगा होऊन राहतात. ठरावीक जातीचे बिट्युमेनी कोळसे मात्र ३५०° ते ४००° सेल्सिअसच्या दरम्यान मऊ होतात, फुगतात, त्यांचे कण एकमेकांत मिसळतात आणि सुमारे ५००° सेल्सिअसला तो लगदा पुन्हा घट्ट होतो. या अवघ्या शंभरेक अंशांच्या टप्प्यात कोकची मजबुती ठरते. बाष्पनशील द्रव्ये (तापवताच वायुरूपाने निघून जाणारी) फार असली तर कोक भुसभुशीत, भेगाळ होतो. फार कमी असली तर कोळसा मऊच पडत नाही. म्हणून सहसा एकच कोळसा न वापरता अनेक खाणींचे कोळसे ठरावीक प्रमाणात मिसळतात. मिश्रण जुळवणे हे कोक कारखान्यातले सर्वांत कसबी काम म्हणावे लागेल. त्यात आणखी एक अडचण अशी की हा कोळसा उघड्यावर फार दिवस पडला तर हवेतील ऑक्सिजनमुळे त्याचा मऊ होण्याचा गुण कमी होत जातो. तोच कोळसा, तीच राख, पण कोक मात्र कच्चा.

असे कोळसे जगात मोजक्याच ठिकाणी सापडतात. ऑस्ट्रेलियातील बोवेन खोरे, उत्तर अमेरिकेतील अ‍ॅपलाचियन पट्टा, जर्मनीतील रूर, रशियातील कुझ्नेत्स्क, भारतातील झरिया ही प्रसिद्ध क्षेत्रे. झरियाचा कोळसा चांगला कोक देतो, पण त्यात राख जास्त असल्याने तो धुऊन आणि कमी राखेच्या आयात कोळशात मिसळून वापरावा लागतो. राख ही निव्वळ ओझे असते : ती वितळवायला उष्णता लागते, मळीत (वितळलेल्या लोखंडावर तरंगणाऱ्या टाकाऊ द्रवात) जिरवायला चुनखडी लागते आणि त्यासाठी पुन्हा कोकच जाळावा लागतो. गंधकाचा काही भाग मळीत काढून टाकता येतो, पण कोकमधला फॉस्फरस जवळजवळ सगळा लोखंडात जातो आणि थंड पोलाद ठिसूळ करतो.

कोक भट्टी : सुरुवातीला कोळशाचे ढीग मातीने झाकून पेटवत. नंतर घुमटाकार भट्ट्या आल्या; त्यांत कोक चांगला होई, पण वायू आणि डांबर हवेत उडून जाई. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ही द्रव्ये पकडणाऱ्या भट्ट्या यूरोपात रूढ झाल्या. आजच्या कोक भट्टीचे कप्पे अरुंद आणि उंच असतात : रुंदी अर्ध्या मीटरच्या आसपास, उंची ४ ते ८ मीटर, लांबी १२ ते १८ मीटर. असे पन्नास-साठ कप्पे शेजारी शेजारी, मध्ये तापलेल्या सिलिका विटांच्या भिंती. उष्णता भिंतीकडून मध्याकडे सरकते आणि दोन्ही बाजूंनी मिळून तासाला सुमारे अडीच सेंमी कोळशाचा कोक होतो. गाभा १,०००° ते १,१००° सेल्सिअसपर्यंत पोहोचायला पंधरा ते वीस तास लागतात. मग एका बाजूने यांत्रिक दांडा लालभडक कोक दुसऱ्या बाजूला ढकलतो आणि पाण्याचा मारा करून किंवा नायट्रोजन फिरवून तो विझवतात. नायट्रोजनाच्या पद्धतीत कोकची उष्णता वाया न जाता तिच्यावर वाफ करता येते. एकदा पेटवलेली ही भट्टी दशकानुदशके थंड होऊ देत नाहीत, कारण थंड होताना सिलिका विटा आकुंचन पावून फुटतात. पोलादाचा बाजार पडला तरी कोक भट्टी बंद करता येत नाही, फक्त मंद करता येते.

एक टन कोळशापासून ७०० ते ८०० किग्रॅ. कोक मिळतो. उरलेल्यात हायड्रोजन व मिथेन यांनी समृद्ध असा वायू, डांबर, बेंझीन आणि अमोनिया असतात. वायू कारखान्यातच जाळला जातो. डांबराने तर एक स्वतंत्र उद्योग उभा केला : विल्यम पर्किन याने १८५६ मध्ये डांबरातून मिळणाऱ्या द्रव्यांपासून जांभळा रंग तयार केला आणि कृत्रिम रंगांचे युग सुरू झाले. या द्रव्यांची दुसरी बाजूही आहे. कोक भट्टीतून निसटणाऱ्या वाफांत कर्करोगकारक संयुगे असतात. भट्टीच्या माथ्यावर, दारांपाशी काम करणाऱ्यांना फुप्फुसाच्या कर्करोगाचा धोका जास्त असल्याचे सिद्ध झाले असून दारांची गळती रोखणे हा या उद्योगातला कायमचा झगडा आहे.

झोत भट्टीतील कार्य : धातुक, चुनखडी आणि कोक यांचे थर वरून आलटून पालटून टाकले जातात. तळाशी सभोवार बसवलेल्या नळ्यांतून १,०००° ते १,२५०° सेल्सिअसला तापवलेली हवा आत सुटते. नळीच्या तोंडाशी कोक जळून तापमान २,०००° सेल्सिअसच्या वर जाते. जळताना प्रथम कार्बन डाय-ऑक्साइड होतो, पण इतक्या उष्णतेत भोवतीचा कोक त्याला टिकू देत नाही. त्याचे लगेच कार्बन मोनॉक्साइड होते. हाच वायू वर चढत धातुकातील ऑक्सिजन काढून घेतो आणि लोह मोकळे होते. वायू ही सारी वाट काही सेकंदांत पार करतो, तर वरून टाकलेला माल खाली पोहोचायला सहा-आठ तास घेतो.

भट्टीच्या मध्यावर, सुमारे १,२००° ते १,४००° सेल्सिअसच्या पट्ट्यात, धातुक मऊ होऊन चिकट थर बनतो. या थरातून वायू जाऊच शकत नाही. त्याला वाट मिळते ती मधल्या कोकच्या थरांतून, जणू भिंतीत ठेवलेल्या झरोक्यांतून. त्याखाली सगळे काही द्रवरूप झालेले असते. घन राहतो तो एकटा कोक. लोखंड आणि मळी त्याच्या फटींतून थेंबथेंब झिरपत तळाशी जमतात आणि त्या प्रवासात लोखंड कोकमधला कार्बन शोषून घेते. भट्टीतून निघणाऱ्या लोखंडात ४ ते ४.५ टक्के कार्बन असतो तो याच शोषणामुळे. कार्बन मिसळल्याने लोखंडाचा वितळणबिंदूही उतरतो, अन्यथा ते या तापमानाला इतक्या सहज वाहिले नसते.

म्हणूनच कोक किती उष्णता देतो यापेक्षा तो किती टिकतो याकडे भट्टी चालवणाऱ्यांचे जास्त लक्ष असते. १९७०च्या दशकात जपानमध्ये रूढ झालेल्या चाचणीत कोकचे २०० ग्रॅम तुकडे १,१००° सेल्सिअसला दोन तास कार्बन डाय-ऑक्साइडमध्ये ठेवतात. किती वजन घटले यावरून त्याची अभिक्रियाशीलता मोजतात. मग उरलेले तुकडे पिंपात ६०० वेळा फिरवतात आणि १० मिमी.हून मोठे किती शिल्लक राहिले ते पाहतात. मोठ्या भट्ट्यांना हा आकडा ६० ते ६५ टक्क्यांच्या वर लागतो. थंड असताना दगडासारखा टणक वाटणारा कोक या परीक्षेत ढासळू शकतो, हे तिचे महत्त्व. भट्टीसाठी साधारण २५ ते ८० मिमी. आकाराचे तुकडे निवडतात. बारीक चुरा वाया न घालवता लोहधातुकाची पूड भाजून तिचे गोळे करण्याच्या कामी येतो.

पूड कोळसा : कोक महाग असल्याने त्याचा वापर कमी करण्यासाठी साध्या कोळशाची बारीक पूड नळ्यांतून हवेबरोबर फुंकतात. या पुडीला मऊ होऊन फुगण्याचा गुण लागत नाही, त्यामुळे कोकिंग नसलेले कोळसेही चालतात. चांगल्या भट्ट्यांत एक टन लोखंडामागे १५० ते २०० किग्रॅ. पूड आणि ३०० ते ४०० किग्रॅ. कोक जातो. पूड वाढवत नेली तर कोक घटतो, पण २५० किग्रॅ.च्या खाली तो नेणे फार कठीण. पूड उष्णता आणि वायू देऊ शकते, आधार देऊ शकत नाही. उलट कोक जितका कमी, तितका उरलेल्या प्रत्येक तुकड्यावर भार जास्त आणि तो अधिक काळ टिकणे भाग.

पोलाद होताना : भट्टीतले लोखंड पोलाद नव्हे. १९५२ मध्ये ऑस्ट्रियातील लिंझ येथे सुरू झालेल्या पद्धतीत वितळलेल्या लोखंडावर शुद्ध ऑक्सिजन सोडतात आणि पंधरा-वीस मिनिटांत बहुतेक कार्बन जाळून टाकतात. येथे वेगळे इंधन लागत नाही. लोखंडात विरघळलेला कार्बन आणि सिलिकॉन यांच्या ज्वलनाची उष्णता इतकी असते की थंड भंगार घालून ती आवरावी लागते. कोकने दिलेला कार्बनच अशा रीतीने शेवटचे इंधन होतो.

पर्याय : या मार्गाने एक टन पोलादामागे सुमारे दोन टन कार्बन डाय-ऑक्साइड हवेत जातो. ब्राझीलमध्ये लाकडी कोळशावर आजही झोत भट्ट्या चालतात, पण तो ठिसूळ असल्याने त्या लहानच ठेवाव्या लागतात. डार्बीच्या आधीची मर्यादा तशीच आहे. धातुक न वितळवता घन अवस्थेतच त्याचे लोखंड करायचे असेल तर कोक लागत नाही : नैसर्गिक वायूवर, किंवा फिरत्या भट्टीत साध्या कोळशावर, जाळीदार लोखंड करतात. भारत या दुसऱ्या पद्धतीचा मोठा उत्पादक आहे. स्वीडनमध्ये लुलेओ येथील प्रायोगिक कारखान्यात २०२१ मध्ये हायड्रोजन वापरून असे लोखंड काढण्यात आले. हायड्रोजनच्या लोखंडात कार्बन जवळजवळ नसतो, त्यामुळे विद्युत भट्टीत ते वितळवताना मळीला फेस आणण्यासाठी आणि पोलादात हवा तेवढा कार्बन राखण्यासाठी तो बाहेरून घालावा लागतो. त्या भट्टीतील ग्रॅफाइटच्या विद्युत् कांड्या ज्या डांबरी बंधकाने घडवतात, तोही बहुधा कोक भट्टीतूनच आलेला असतो.