इम्प्रेशनिस्ट आणि पोस्ट-इम्प्रेशनिस्ट: एक मंडळ, एक पाटी

व्हॅन गॉग इम्प्रेशनिस्ट नव्हता. कॅलेंडरांवर, कॉफीच्या मगांवर, चित्रकलेच्या क्लासच्या जाहिरातींत बिनदिक्कत तसं छापलेलं असतं. कुणी हटकलं की उत्तर तयार असतं: ‘बरं, पोस्ट-इम्प्रेशनिस्ट म्हणा. नंतरचा तो पोस्ट, त्यात काय एवढं?’ मूळ चुकीपेक्षा हे उत्तर मला जास्त छळतं.

माने आणि मोने या चित्रकारांच्या नावांचा घोळ किरकोळ आहे. दोन वेगळी माणसं, पाठ करून टाका. इम्प्रेशनिझम तर तुम्हाला ठाऊकच आहे: उघड्यावर बसून रंगवणं, क्षणाक्षणाला बदलणारा उजेड, तुटक फटकारे, काळ्याऐवजी निळ्या-जांभळ्या सावल्या. मोनेच्या ‘इम्प्रेशन, सूर्योदय’वरून लुई लरुआ या समीक्षकाने टिंगल केली आणि नाव चिकटलं. पुढे चला.

‘पोस्ट’ म्हणजे नुसतं ‘नंतरचे’ असं धरलं तर तारखाच जुळत नाहीत. पोस्ट-इम्प्रेशनिस्ट म्हणून ज्या चौघा चित्रकारांची नावं घेतात त्यांतला व्हॅन गॉग १८९० मध्ये गेला, सरा १८९१ मध्ये, गोगँ १९०३ मध्ये, सेझान १९०६ मध्ये. मोने मात्र १९२६ पर्यंत जगला आणि अखेरपर्यंत आपल्या तळ्यातली कमळं रंगवत राहिला. म्हणजे ‘नंतरचे’ चौघेही आधीच्याच्या डोळ्यांदेखत गेले. शिवाय सेझानची चित्रं १८७४ च्या पहिल्याच इम्प्रेशनिस्ट प्रदर्शनात होती, १८७७ मध्येही होती. गोगँ १८७९ पासून याच लोकांबरोबर मांडत होता. सराचं ठिपक्याठिपक्यांचं अवाढव्य चित्र ‘ग्रांद जात’ लागलं तेही यांच्याच १८८६ च्या शेवटच्या प्रदर्शनात.

मग फरक कुठे? इम्प्रेशनिस्ट हे खरोखरचं मंडळ होतं. सालों म्हणजे पॅरिसचं सरकारी चित्रप्रदर्शन, त्याच्या निवड समितीला कंटाळून त्यांनी स्वतःची संस्था काढली, छायाचित्रकार नादारचा जुना स्टुडिओ मिळवला आणि १८७४ ते १८८६ या काळात आठ प्रदर्शनं भरवली. भांडले, रुसले, काही सोडून गेले. पण आपण कुणाबरोबर मांडतोय हे प्रत्येकाला माहीत होतं. पोस्ट-इम्प्रेशनिस्ट नावाचं मंडळ मात्र पॅरिसमध्ये कधी जमलंच नाही. ही पाटी लंडनमध्ये रंगवली गेली, १९१० मध्ये. रॉजर फ्राय या इंग्रज कलासमीक्षकाने ग्राफ्टन गॅलरीत ‘माने आणि पोस्ट-इम्प्रेशनिस्ट’ हे प्रदर्शन भरवलं. प्रदर्शनाचे चिटणीस डेस्मंड मॅकार्थी यांनी पुढे लिहून ठेवलंय की नावावर बराच खल झाला. फ्रायच्या मनात ‘एक्स्प्रेशनिस्ट’च्या अंगाने काहीतरी होतं, ते पसंत पडेना, तेव्हा निदान इम्प्रेशनिस्टांच्या नंतरचे तरी आहेत, म्हणून हे नाव ठरलं. हरकत घ्यायला चौघांपैकी एकही हयात नव्हता.

लंडनकर हसले, वर्तमानपत्रांनी झोडपलं. पण फ्रायने वंशावळ मांडली होती: आरंभी माने, मग सेझान, व्हॅन गॉग, गोगँ, आणि त्यांच्या पुढे मातिस आणि पिकासो. इम्प्रेशनिस्टांच्या पंगतीत जो सेझान अडाणी हाताचा वाटला होता, तोच या रांगेत आधुनिक चित्रकलेचा मूळपुरुष दिसू लागला. त्याचं सफरचंदांचं एखादं चित्र नीट पाहा. टेबलाची कड कापडाखाली डावीकडून शिरते आणि उजवीकडे बाहेर येते ती भलत्याच उंचीवर. मोनेशेजारी ही चूक वाटते, पिकासोशेजारी ती चित्राची बांधणी होते. रंगाचा एक कणही न हलता.

म्हणूनच ‘पोस्ट-इम्प्रेशनिस्ट शैली’ हा शब्दप्रयोग दिसला की माझं डोकं फिरतं. सराचा मोजूनमापून ठेवलेला ठिपका आणि व्हॅन गॉगने ओल्या रंगात ओढलेला जाडजूड फटकारा, यांची मिळून कसली शैली? आणि ते भिंतभर प्रोजेक्टर लावून होणारे ‘इमर्सिव्ह’ खेळ, आपल्याकडेही झाले, ते तर हा जाडपणाच पुसून टाकतात. उजेडाला कसली आली जाडी! मला विचाराल तर त्या तिकिटाच्या पैशांत चांगल्या छपाईचं एखादं पुस्तक घ्यावं.

जुन्या चित्रांकडे नव्याने बघायचं तर पॅरिसच्या ओर्से संग्रहालयाने २०२४ मध्ये केलं तसं करावं. त्यांनी १८७४ च्या पहिल्या प्रदर्शनातली चित्रं त्याच वर्षीच्या सालोंमधल्या चित्रांशेजारी लावली. तेव्हा दिसलं की त्या तीसेक जणांपैकी ज्यांना आज आपण इम्प्रेशनिस्ट म्हणून ओळखतो ते जेमतेम सात, आणि त्या सातांतही सेझान धरलेला. काही जण तर त्याच वर्षी सालोंमध्येही मांडत होते. मंडळ होतं हे मी वर ठासून सांगितलं ते खरंच आहे. एका शैलीचं मात्र तेही नव्हतं.