दिवटीला प्राणवायू कोण देणार?

परग्रहावरचा समुद्र काढायचा म्हटलं की चित्रकार आधी काळा रंग ओततो आणि मग त्यात निळ्या दिव्यांची आरास मांडतो. छत्रीएवढे जेलीफिश, तोरणासारख्या वेली, सगळं रात्रंदिवस लखलखत असतं. मला ही चित्रं आवडतात. फक्त ती बघताना एक प्रश्न छळतो: याचं वीजबिल कोण भरतंय?

म्हणून एक प्राणी मीच रचायला घेतला. एका वायुग्रहाभोवती फिरणारा चंद्र, नाव अथांग. गुरूच्या युरोपा या चंद्रासारखाच: वर कित्येक किलोमीटर जाड बर्फ, खाली शंभरेक किलोमीटर खोल खारं पाणी, ऊन अजिबात नाही. बर्फाच्या छताला उलटी चिकटून राहणारी, बोटभर लांबीची, मऊ अंगाची दिवटी ही आपली नायिका. ती सतत चमकत नाही. पृथ्वीवर लाटेसोबत चमकणारे एकपेशीय डायनोफ्लॅजलेटसुद्धा धक्का लागला तरच, तेही सेकंदाच्या दहाव्या भागापुरते चमकतात. उजेड महाग असतो.

किती महाग? एक मोल (कण मोजायचं रसायनशास्त्रातलं ठरलेलं माप) निळे फोटॉन, म्हणजे निळ्या प्रकाशाचे कण, यांची ऊर्जा सुमारे २५० किलोज्यूल. पेशीचं रोजचं चलन म्हणजे एटीपी. ते एक मोल तुटलं तर पेशीत हाती पडतात साधारण ५०. मग पाच एटीपी मोडले की झालं, असं वाटेल. पण तसं होत नाही. पाच पायऱ्या एकेक करून उतरलात तर धप्प आवाज येत नाही, तो यायला पाचही पायऱ्या एकाच उडीत ओलांडाव्या लागतात. फोटॉनचंही तसंच. सगळी ऊर्जा एकाच रेणूवर, एकाच क्षणी यावी लागते.

ती कशी येते हा माझा सगळ्यात आवडता भाग. सीलेंटरझीन नावाचा रेणू घ्या. आपल्या समुद्रातले कितीतरी जेलीफिश, कोळंब्या आणि मासे, एकमेकांशी जवळचं नातं नसतानाही, हेच इंधन वापरतात. प्राणवायूचा रेणू त्याला येऊन चिकटतो आणि चार अणूंचं एक चौकोनी कडं तयार होतं: दोन कार्बन, दोन ऑक्सिजन. ऑक्सिजन-ऑक्सिजन बंध मुळातच लेचापेचा, त्यात चौकोनात बसण्यासाठी सगळेच बंध नाइलाजाने वाकलेले. कडं फार टिकत नाही. ते फुटतं, कार्बन डायऑक्साइड सुटतो, आणि त्याचे बंध इतके भक्कम असतात की हिशोबात उरलेली भलीमोठी ऊर्जा एका झटक्यात मागे राहिलेल्या रेणूवर येऊन पडते. त्याचा इलेक्ट्रॉन वरच्या पातळीवर फेकला जातो आणि खाली येताना निळा फोटॉन सोडतो. काजवा एटीपी खर्च करतो खरा, पण तो रेणूला तयार करण्यापुरता. शेवटची उडी तिथेही अशाच कड्याच्या फुटण्यातून येते.

थोडक्यात, पैसे भरतो तो प्राणवायू. रॉबर्ट बॉइलने १६६७ मध्ये चमकणारं कुजकं लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून हवा काढून घेतली तेव्हा उजेड मावळला, आणि हवा परत सोडल्यावर उजळला. प्राणवायूचा शोध लागायला तेव्हा शंभर वर्षं होती! तरी आजही समुद्र चमकला की कुणी 'फॉस्फरस आलाय' म्हणतं, कुणी भुताचे दिवे. या उजेडामागे फॉस्फरस नाही, आणि भुतालाही प्राणवायू लागत असेल तर बोलू.

ऊन नाही, हिरवी वनस्पती नाही, मग अथांगवर प्राणवायू येणार कुठून? इथे वायुग्रह कामी येतो. त्याच्या चुंबकीय क्षेत्रात अडकलेले वेगवान कण बर्फावर आदळून पाण्याचे रेणू फोडतात. जुनो यानाच्या मोजणीनुसार युरोपाच्या पृष्ठभागावर असा सेकंदाला सुमारे १२ किलो प्राणवायू तयार होतो. त्यातला थोडा जरी बर्फातून खाली झिरपला, तरी तो आधी छतापाशी पोहोचणार. म्हणून दिवटी छतालाच लटकते. (युरोपा क्लिपर यान २०३० मध्ये गुरूपाशी पोहोचेल. ते जीव शोधणार नाही, जीव राहू शकतील का एवढंच तपासणार आहे. मथळे मात्र काय असतील ते आत्ताच सांगता येईल.)

दिवटीचा रंग निळाच का? पाण्याच्या रेणूतले ऑक्सिजन-हायड्रोजन बंध ज्या लयीत थरथरतात तिच्यामुळे तांबडा प्रकाश शोषला जातो. ग्रह बदलला तरी पाणी हे पाणीच.

आता अडचण. डोळेच नसतील तर चमकून उपयोग काय? सुरुवातीला उपयोग नसेलही. प्राणवायू हे जहरही असतं, आणि सीलेंटरझीन त्याची घातक रूपं निकामी करतं. तेव्हा दिवटीच्या पूर्वजांचा उजेड म्हणजे विष उतरवताना उडालेली ठिणगी असं मी मानतो. डोळा तळाशी घडू शकतो. पृथ्वीवर समुद्रतळाच्या उष्ण झऱ्यांचं ३५० अंशांचं पाणी अगदी मंद उजळतं, आणि तिथल्या रिमिकॅरिस कोळंबीच्या पाठीवर प्रकाश टिपणारा अवयव असतो. त्यातलं रंगद्रव्य सर्वाधिक टिपतं ते ५०० नॅनोमीटरच्या आसपासचा निळा-हिरवा. दिवटीसाठी याहून बरा प्रेक्षक कुठला मिळणार?

फक्त प्रेक्षक तळाला आहे आणि दिवटी छताला, मध्ये शंभर किलोमीटर अंधार. समुद्र उथळ करून पाहिला. पण ३५० अंशांचं पाणी उकळू न देता ठेवायचं तर वातावरणाच्या १६० पटींहून जास्त दाब हवा, आणि युरोपाएवढं गुरुत्व धरलं तर त्यासाठी बर्फासकट किमान बारा-तेरा किलोमीटर खोली लागते. त्याहून उथळ केलं की झरा विझतो. तेव्हा आता आधी तेवढं अंतर पोहून वर येणारी कोळंबी रचावी लागणार.